भरती रद्द झाली, कोर्टात जायला उशीर झाला: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

भरती रद्द झाल्याची पीडीएफ आली की पहिल्या आठवड्यात सदाशिव पेठ, नवी पेठेतल्या अभ्यासिकांमधून फोनवर फोन येतात. मग सगळं शांत होतं. मुलं पुढच्या परीक्षेला लागतात, कुणी निवेदन देतं, कुणी गावी जातं. नवी जाहिरात आली की पुन्हा फोन सुरू होतात, तोवर बऱ्याचदा मुदत उलटलेली असते. भरती रद्द करणं चूक होतं की बरोबर, याचा विचारसुद्धा न होता प्रकरण केवळ तारखेवर फेटाळलं जातं तेव्हा फार वाईट वाटतं. म्हणून सारखे येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. तुमच्या प्रकरणाचा सल्ला कागद बघूनच देता येतो, पण निदान घड्याळ कधी सुरू होतं ते इथे कळेल.

१. भरती रद्द झाली तर कोर्टात जायला मुदत किती असते?

राज्य सरकारच्या पदांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जावं लागतं. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा, १९८५ च्या कलम २१ नुसार अंतिम आदेश झाल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज दाखल व्हायला हवा. केंद्राच्या भरतीसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे कॅटमध्येही हीच मुदत आहे. हायकोर्टाचं गणित वेगळं, ते प्रश्न ६ मध्ये आहे.

वर्षभराची मुदत आहे म्हणून अकराव्या महिन्यापर्यंत थांबू नका. रद्द झालेल्या जागा मधल्या काळात नव्या जाहिरातीत गेल्या आणि भरल्या गेल्या, तर मुदतीत असूनही हाती काही लागत नाही. पहिल्या दोन-तीन महिन्यांत काय ते ठरवा.

२. मॅट की हायकोर्ट? माझी भरती कुठे बसते?

पद कुणाचं आहे ते बघा. तलाठी, पोलीस शिपाई, आरोग्य विभाग, एमपीएससीमार्फत भरली जाणारी राज्य सेवेची पदं ही राज्य शासनाची, त्यांच्यासाठी मॅट. स्टाफ सिलेक्शन, रेल्वे, यूपीएससी यांच्यासाठी कॅट. जिल्हा परिषद, पुणे महानगरपालिका, म्हाडा, महावितरण यांचे कर्मचारी राज्य शासनाच्या नागरी सेवेत मोडत नाहीत, त्यामुळे तिथे हायकोर्टात रिट याचिका करावी लागते.

‘मॅट कशाला, थेट हायकोर्टातच जाऊ’ असं पुष्कळ जण म्हणतात. एल. चंद्रकुमार प्रकरणात १९९७ साली सुप्रीम कोर्टाने हा रस्ता बंद केला. आधी न्यायाधिकरण, त्याच्या निकालाविरुद्ध मग हायकोर्टाचं खंडपीठ. चुकीच्या दारात वेळ गेला असेल तर प्रश्न १३ पाहा.

पुणे जिल्ह्यासाठी मॅट आणि हायकोर्ट दोन्ही मुंबईत. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे जिल्हे त्याच्याकडे आहेत, पुणे नाही. तुम्ही सोलापूरचे आहात, पुण्यात खोली घेऊन राहता आणि सोलापूर जिल्हा परिषदेची भरती रद्द झाली आहे, तर राहायला कुठे आहात याला फार महत्त्व नाही. निर्णय कुठल्या कार्यालयाने घेतला आणि पद कुठलं होतं, हे वकिलाला आधी सांगा.

३. पण मुळात रद्द केलेली भरती कोर्टाकडून परत मिळते का? यादीत नाव होतं माझं.

यादीत नाव आलं म्हणून नेमणुकीचा हक्क मिळत नाही. शंकरसन दास प्रकरणात (१९९१) पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हे स्पष्ट केलं आहे. त्याच निकालात असंही म्हटलं आहे की सरकारला मनमानी करता येणार नाही, जागा न भरण्यामागे योग्य कारण हवं. तुमची केस या दुसऱ्या वाक्यावर उभी राहते.

सरकारने कोणतं कारण दिलंय त्यावर पुढचं ठरतं. पेपर फुटला, गैरप्रकार झाला असं कारण असेल तर दोषी आणि निर्दोष उमेदवार वेगळे काढता येतात का, हा कळीचा मुद्दा. सीबीआयच्या शिपाई भरतीत केवळ ३१ उमेदवारांच्या निवडीत गडबड सापडली होती. त्यांच्यासाठी सगळी निवड यादी रद्द करणं बरोबर नाही, असं सुप्रीम कोर्टाने २००३ मध्ये सांगितलं. उलट पश्चिम बंगालच्या शिक्षक भरतीत सगळी प्रक्रियाच नासली होती, वेगळं काढणं शक्य नव्हतं, म्हणून ३ एप्रिल २०२५ रोजी २५ हजारांहून जास्त नेमणुका गेल्या. त्यात प्रामाणिक मुलंही गेली, हे विसरता येत नाही.

आपल्याकडे २०२१ मध्ये आरोग्य विभाग आणि म्हाडाच्या परीक्षांच्या पेपरफुटीचा तपास पुणे सायबर पोलिसांनी केला. तपासात जे बाहेर येतं ते अशा प्रकरणात दोन्ही बाजूंनी वापरलं जातं, हे ध्यानात ठेवा.

धोरण बदललं म्हणून भरती रद्द झाली असेल तर लढाई आणखी अवघड. अग्निपथ आल्यावर आधीची सैन्यभरती थांबली. त्या मुलांच्या याचिका सुप्रीम कोर्टाने १० एप्रिल २०२३ रोजी फेटाळल्या. शारीरिक चाचणी, लेखी परीक्षा पास होऊन बसलेली मुलं होती त्यात.

४. एक वर्ष नेमकं कुठल्या तारखेपासून मोजायचं? मला तर टेलिग्राम ग्रुपवर दोन महिन्यांनी कळलं.

रद्द करणाऱ्या आदेशाच्या तारखेपासून. ग्रुपवर मेसेज आला ती तारीख नाही, पेपरात बातमी आली ती नाही, मंत्र्यांनी सभागृहात घोषणा केली तीही नाही. जाहिरातीतच बहुधा ‘उमेदवारांनी वेळोवेळी संकेतस्थळ पाहावे’ असं वाक्य असतं. त्यामुळे संकेतस्थळावर टाकलं म्हणजे तुम्हाला कळवलं, असं विभागाचे वकील म्हणणार.

शासन निर्णय असेल तर त्यावरचा संगणक संकेतांक बघा. लांबलचक आकडा असतो, त्याचे पहिले आठ अंक म्हणजे वर्ष, महिना, दिवस. आदेशाची तारीख एक आणि संकेतस्थळावर टाकल्याची तारीख दुसरी असेल, तर त्या पानाचा तारखेसह स्क्रीनशॉट त्याच दिवशी काढून ठेवा. पुढे ती पानं काढून टाकली जातात आणि नंतर कितीही शोधलं तरी मिळत नाहीत.

समजा आदेश १४ ऑगस्ट २०२४ चा आहे. मग १४ ऑगस्ट २०२५ च्या आत अर्ज मॅटच्या दप्तरी नोंदला गेला पाहिजे. वकीलपत्रावर सही केली, कागद दिले, फी भरली, म्हणजे दाखल झाला असं नाही. नोंदणी क्रमांक मागून घ्या.

५. आम्ही विभागाला निवेदन दिलंय, पोच आहे. उत्तर येईपर्यंत मुदत थांबते ना?

नाही. सगळ्यात जास्त मुलं इथेच अडकतात.

कलम २१ मध्ये निवेदनानंतर सहा महिने वाट पाहून पुढे एक वर्ष, असा एक हिशेब आहे हे खरं. पण एस. एस. राठोड प्रकरणात (१९८९) सात न्यायमूर्तींनी सांगितलं की नियमांत ज्याची तरतूद आहे अशाच अपिलाला किंवा निवेदनाला तो लाभ मिळतो. भरती रद्द झाल्यावर उमेदवाराने अपील करावं, अशी तरतूद भरतीच्या नियमांत सहसा नसते. मग तुम्ही दिलेलं निवेदन म्हणजे नुसता विनंती अर्ज. असे दहा अर्ज आवक-जावकमध्ये शिक्का मारून दिले तरी घड्याळ थांबत नाही. आमदारांचं शिफारसपत्र, मंत्रालयातली भेट, राज्यपालांना दिलेलं निवेदन यांचंही तेच.

मग काही दिवसांनी कक्ष अधिकाऱ्यांचं दोन ओळींचं पत्र येतं: ‘आपले निवेदन नस्तीबद्ध करण्यात आले आहे’, म्हणजे फाइलला लावून विषय बंद केला. त्या पत्राच्या तारखेपासून नव्याने वर्ष मोजायचं, असं काही जण सांगतात. सी. जेकब प्रकरणात (२००८) सुप्रीम कोर्टाने हेही नाकारलं. शिळ्या मागणीला उत्तर आलं म्हणून ती मागणी ताजी होत नाही. ‘निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या’ असा आदेश कोर्टाकडून मिळवला तरी मूळचा उशीर तसाच राहतो.

निवेदन जरूर द्या, मुद्दे नोंदले जातात. पण त्याच आठवड्यात वकिलाकडेही जा.

६. हायकोर्टात तर मुदतच नाही म्हणे?

हायकोर्टाला रिटचा अधिकार देणाऱ्या राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ मध्ये मुदत लिहिलेली नाही. पण हायकोर्टाचा हा अधिकार विवेकाचा आहे, आणि उशिरा आलेल्याला ‘आता नाही’ म्हणणं हा त्याच विवेकाचा भाग. बढतीच्या एका प्रकरणात (सदाशिवस्वामी, १९७५) सहा महिने, फार तर एक वर्ष, असं सुप्रीम कोर्टाने म्हटलं होतं, आणि नोकरीच्या याचिकांमध्ये ते वाक्य अजूनही उद्धृत होतं. दिवाणी दाव्याची तीन वर्षांची मुदत ही बाहेरची मर्यादा मानावी असंही जुन्या निकालांत आहे, पण भरतीच्या बाबतीत तीन वर्षांच्या भरवशावर राहू नका. तोपर्यंत त्या खुर्चीवर दुसरं कुणी बसलेलं असतं.

७. दुसऱ्या काही जणांनी केस टाकलीय. ते जिंकले की आम्हालाही मिळेल ना?

मिळेलच असं नाही, आणि थांबून राहिलेल्यांना बहुतेक वेळा मिळत नाही. उत्तर प्रदेशच्या आरोग्य खात्यातलं एक प्रकरण नेमकं असंच आहे. १९८७ मध्ये नेमणुका रद्द झाल्या. काही जण लगेच कोर्टात गेले आणि पुढे जिंकले. ते जिंकल्यावर उरलेले १९९६ मध्ये गेले, नऊ वर्षांनी. सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्ये सांगितलं की समान परिस्थितीतल्या लोकांना समान न्याय हे तत्त्व खरं, पण कुंपणावर बसून इतरांच्या निकालाची वाट पाहणाऱ्यांना ते लागू नाही. (अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरण.)

अपवाद आहे. निकालातच ‘सर्व संबंधित उमेदवारांना लाभ द्यावा’ असं म्हटलं असेल, किंवा निकाल सगळ्यांना लागू होईल अशा स्वरूपाचा असेल, तर बाहेर राहिलेल्यांनाही मागता येतं. पण निकाल काय लागेल हे आधी कुणाला ठाऊक असतं? त्यापेक्षा चालू असलेल्या अर्जात सामील होणं किंवा स्वतःचा वेगळा अर्ज मुदतीत दाखल करणं परवडतं. ‘आमच्या वतीने अमुक जण लढतायत’ हे वाक्य मॅटमध्ये चालत नाही. अर्जदारांच्या यादीत तुमचं नाव हवं.

८. आंदोलन चालू होतं, सरकारने आश्वासन दिलं होतं. ते उशिराचं कारण म्हणून चालेल?

एकट्याने नाही. अलका चौकात रात्रभर बसलेल्या मुलांचा राग खोटा नसतो, आणि आंदोलनांमुळे निर्णय बदललेही आहेत. पण तोंडी आश्वासनाचा कोर्टात पुरावा नसतो. आश्वासन लेखी असेल, म्हणजे बैठकीचं इतिवृत्त, सही असलेलं पत्र असं काही, तर विलंब माफीच्या अर्जाला जोडा (प्रश्न १०).

९. भरती का रद्द झाली तेच माहीत नाही. आरटीआय टाकलाय, माहिती आली की केस करू.

आरटीआय टाकाच, पण त्यासाठी थांबू नका. कायद्याने ३० दिवसांत उत्तर यायला हवं. प्रत्यक्षात अपुरी माहिती, पहिलं अपील, मग आयोगात दुसरं अपील, यात वर्ष कधी जातं ते समजत नाही. हातात असलेल्या कागदांवर अर्ज दाखल करा. भरती रद्द करण्याच्या प्रस्तावाची फाइल, टिप्पण्या, चौकशी अहवाल समोर ठेवायला न्यायाधिकरण विभागाला सांगू शकतं.

महाराष्ट्राच्या नियमांत आरटीआय अर्ज एकाच विषयाचा आणि १५० शब्दांत हवा. मुलं जाहिरातीपासून सगळा इतिहास लिहितात आणि अर्ज परत येतो. ‘अमुक दिनांकाच्या आदेशासंबंधीच्या नस्तीतील टिप्पणी पृष्ठांच्या साक्षांकित प्रती’ एवढंच मागा.

१०. वर्ष उलटून गेलंय. आता काहीच होणार नाही का?

होऊ शकतं. कलम २१ मधल्या पोटकलम ३ नुसार पुरेसं कारण असेल तर न्यायाधिकरण विलंब माफ करू शकतं. त्यासाठी मूळ अर्जासोबत विलंब माफीचा वेगळा अर्ज करावा लागतो. तो नसेल तर मूळ अर्जावर विचारच होत नाही, असं सुप्रीम कोर्टाने रमेशचंद शर्मा प्रकरणात (१९९९) सांगितलं आहे. ‘समोरच्यांनी हरकत घेतली तर बघू’ असंही म्हणू नका. विभागाने हरकत घेतली नाही तरी न्यायाधिकरणाने स्वतःहून मुदत तपासायची असते.

कारणाला कागद लागतो. स्वतःचं गंभीर आजारपण असेल तर डिस्चार्ज कार्ड. घरात मृत्यू झाला असेल तर दाखला आणि त्यानंतर घर कुणावर आलं याचा खुलासा. आदेश तुमच्यापासून लपवला गेला असेल तर तो कधी आणि कसा मिळाला, ते दाखवणारा आरटीआयचा कागद. प्रत्येक दिवसाचा हिशेब म्हणजे मिनिटामिनिटाचा नव्हे, हे कोर्टाने १९८७ मध्येच म्हटलंय, पण मोठे मोठे तुकडे मोकळे सोडू नका. जानेवारी ते मे दवाखाना, आणि जून ते नोव्हेंबर काहीच नाही, असा अर्ज आला तर पहिला प्रश्न त्या सहा महिन्यांचा असतो.

‘कायदा माहीत नव्हता’, ‘दुसऱ्या परीक्षेचा अभ्यास चालू होता’ ही कारणं मनाला पटतात, कोर्टाला पटत नाहीत. पैशांची अडचण हे खरं कारण असतं, पण नुसतं लिहून भागत नाही. प्रश्न १४ मधली मदत मागितली होती का, असं विचारतील.

आणि खोटं कारण देऊ नका. खोटं वैद्यकीय प्रमाणपत्र पकडलं गेलं तर केस तर जातेच, पुढे चारित्र्य पडताळणीतही ते आडवं येतं.

११. कोविडच्या काळातली सवलत मिळेल का?

सुप्रीम कोर्टाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला, न्यायाधिकरणांसाठीसुद्धा. ज्यांची मुदत त्या काळात संपत होती त्यांना १ मार्च २०२२ पासून किमान ९० दिवस मिळाले. म्हणजे जुन्या प्रकरणांत उशीर मोजताना तो काळ वजा करा. पण मार्च २०१९ च्या जाहिरातीची जिल्हा परिषद भरती रखडत राहिली आणि रद्द झाली ती २०२२ च्या उत्तरार्धात. तिला ही सवलत लागू पडत नाही, कारण घड्याळ सुरूच नंतर झालं. त्या भरतीचं परीक्षा शुल्क परत घेतलं म्हणून हक्क सोडला असा अर्थ आपोआप निघत नाही, पण विभाग तसा युक्तिवाद करू शकतो.

१२. त्याच जागांची नवी जाहिरात आलीय. फॉर्म भरू की नको? भरला तर जुनी केस जाईल?

फॉर्म भरा. केस हरलात आणि फॉर्मही भरला नाही, तर दोन्हीकडून गेलात. फक्त नव्या भरतीत बसण्याआधी जुन्या रद्द आदेशाला आव्हान दाखल झालेलं असू द्या, किंवा निदान ‘माझे हक्क राखून अर्ज करत आहे’ असं पत्र पोच घेऊन द्या. निमूटपणे परीक्षा दिली, नापास झाले आणि मग जुनी भरती आठवली, असं चित्र दिसलं तर कोर्ट ऐकत नाही. मदनलाल प्रकरणापासून (१९९५) ही भूमिका पक्की आहे.

नव्या भरतीतून लोक नेमले गेले असतील तर त्यांनाही प्रतिवादी करावं लागतं. ज्यांच्या नोकरीवर गदा येईल त्यांना न ऐकता आदेश होत नाही. सगळ्यांची नावं-पत्ते मिळवणं कठीण असेल तर काही जणांना प्रतिनिधी म्हणून जोडता येतं. उशिराचा खरा फटका इथे बसतो: समोर सरकार एकटं नसतं, तुमच्यासारखीच घासून अभ्यास केलेली मुलं उभी असतात.

आणि मधल्या काळात वय उलटलं असेल तर? कोर्टाकडून वयात सवलत क्वचित मिळते, शासनाकडून कधीमधी मिळते. ३ मार्च २०२३ च्या शासन निर्णयाने कमाल वयात दोन वर्षांची सूट दिली होती, तीही ३१ डिसेंबर २०२३ पर्यंतच्या जाहिरातींपुरती.

१३. आम्ही चुकून हायकोर्टात गेलो, वर्षभराने ‘मॅटमध्ये जा’ म्हणून याचिका निकाली निघाली. ते वर्ष फुकट?

बहुधा नाही. प्रामाणिकपणे आणि नेटाने चुकीच्या ठिकाणी दाद मागत असाल तर तो काळ मुदतीतून वगळावा, हे मुदत कायद्याच्या कलम १४ मागचं तत्त्व. याचिका मागे घेताना ‘मॅटमध्ये जाण्याची मुभा’ आदेशात लिहून घ्या आणि मग महिनाभरही दवडू नका. विलंब माफीच्या अर्जात दोन्ही तारखा द्या.

१४. वकिलाची फी परवडत नाही. ग्रुपने केस करता येते का?

येते. एकच आदेश, एकच तक्रार असेल तर मॅटमध्ये एकत्रित अर्जाची परवानगी मागता येते. पैसे एकाच्या खात्यात जमा करणार असाल तर हिशेब लिहून ठेवा, यावरून ग्रुप फुटतात आणि त्यात महिने जातात. संघटनेच्या नावाने जनहित याचिका करू, असा सल्लाही मिळतो. नोकरीच्या बाबींत जनहित याचिका टिकत नाही, बाधित उमेदवारच लागतो.

महिला, अनुसूचित जाती-जमातीचे उमेदवार आणि दिव्यांग यांना उत्पन्न न बघता मोफत विधी सहाय्य मिळतं, इतरांना उत्पन्नाची मर्यादा आहे. शिवाजीनगरच्या जिल्हा न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज करा आणि पोच जपून ठेवा. मुलींना हे कुणी सांगतच नाही.

१५. आमची भरती रद्दही झाली नाही आणि पुढेही सरकत नाही. मग एक वर्ष कशापासून?

आदेशच नसेल तर रद्द करण्याला आव्हान देता येत नाही. तेव्हा मागणी वेगळी करायची: प्रक्रिया पूर्ण करा, किंवा कारणांसह निर्णय घ्या. तरीही विभागाची पुढची पावलं बघत राहा. त्याच जागा नव्या मागणीपत्रात गेल्या किंवा नव्या जाहिरातीत आल्या, की जुनी प्रक्रिया गुंडाळली असाच त्याचा अर्थ लावला जाईल आणि त्या जाहिरातीच्या तारखेपासून घड्याळ सुरू झालं असं धरा. ‘दर महिन्याला अन्याय चालूच आहे, म्हणून मुदत नाही’ हा युक्तिवाद वेतन, पेन्शनच्या थकबाकीत चालतो. भरतीत चालत नाही.

१६. तेव्हा ‘तांत्रिक कारण’ सांगितलं होतं. दोन वर्षांनी आरटीआयमधून कळलं की कारण वेगळंच होतं. आता जाता येईल?

प्रयत्न करण्यासारखी ही सगळ्यात चांगली उशिराची केस. खरी वस्तुस्थिती दडवली गेली असेल तर ती कळल्याच्या दिवसापासून विचार व्हावा, असं म्हणता येतं. पण नेमका कोणता कागद, कोणत्या पत्रासोबत, कोणत्या तारखेला मिळाला हे दाखवावं लागेल. तोच कागद आधीच संकेतस्थळावर होता किंवा बातमीत आला होता असं निघालं, तर मुद्दा तिथेच पडतो. आरटीआयचं उत्तर आलेला लिफाफासुद्धा फेकू नका, त्यावरच्या पोस्टाच्या शिक्क्यात तारीख असते.